आजीला न कळणारे नातवंड

३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला. महाराष्ट्रभर पेढे वाटले गेले, सत्कार झाले, गाथासप्तशतीपासून ज्ञानेश्वरीपर्यंतच्या वारशाची उजळणी झाली. हा आनंद रास्तच होता. परंतु त्याच सायंकाळी ठाण्यातील, डोंबिवलीतील, पुण्याच्या कोथरूडमधील कितीतरी घरांत एक वेगळेच दृश्य होते. ते त्या दिवसापुरते नव्हते, रोजचेच आहे. चार वर्षांचा नातू धावत येतो आणि आजीला काहीतरी सांगू लागतो. आजी त्याच्या ओठांकडे पाहत राहते आणि मग सुनेला विचारते, “काय म्हणतोय गं हा?” सून हसत हसत अर्थ सांगते. एका छपराखाली तीन पिढ्या, आणि त्यांतील दोन पिढ्यांना एकमेकींशी बोलायला दुभाष्या लागतो!

या दृश्यातील खरी वेदना आणखी खोलवर आहे. या मुलाला मराठी कधी आलीच नाही, असे नव्हे. दीड वर्षाचा असताना तो ‘चिऊ’, ‘काऊ’, ‘मंमं’ म्हणत होता. अडीच वर्षांचा झाला तेव्हा ‘मला नको’, ‘बाबा कुठे गेले?’, ‘आजी, तू इथे बस’ अशी पूर्ण वाक्ये बोलत होता. ‘तो-ती-ते’चा भेद, क्रियापदांची रूपे, विभक्तीचे प्रत्यय हे सारे त्याने कोणत्याही पुस्तकाविना, केवळ कानांनी मिळवले होते. मग त्याला नर्सरीत घातले. “घरीही इंग्रजीच बोला, म्हणजे मूल लवकर रुळेल,” अशी सूचना बाईंनी केली आणि घरात तसे फर्मान निघाले. वर्ष सरेपर्यंत त्याची वाक्ये तुटली, शब्द गळाले आणि आजीशी असलेला संवादाचा धागा सुटला. मुलाने भाषा हरवली नाही. ती त्याच्याकडून काढून घेण्यात आली. काढून घेणारे कोणी परकीय राज्यकर्ते नव्हते, त्याचे जन्मदातेच होते.

कणा मोडलेली भाषा

“शूज काढ, हँड वॉश कर, बनाना फिनिश कर, टॉइज पिक-अप कर.” आजच्या मध्यमवर्गीय मराठी घरातील हे मातृमुखीचे बोल आहेत. परक्या नामांनी भाषा मरत नसते. टेबल, बस, स्टेशन, डॉक्टर हे शब्द मराठीने केव्हाच पचवले. पोर्तुगीजांकडून आलेले बटाटा, पगार आणि चावी आज कोणाला परके वाटत नाहीत. परंतु क्रियापद हा भाषेचा कणा आहे. मराठी स्वयंपाकघरात निवडणे आहे, पाखडणे आहे, सोलणे, चिरणे, किसणे, खुडणे, लाटणे, वळणे आहे. प्रत्येक शब्दामागे हाताची एक वेगळी हालचाल आहे आणि ती पाहत, ऐकत मूल जगाचे बारकावे शिकते. आता त्या सर्वांच्या जागी ‘क्लीन कर’, ‘पील कर’, ‘कट कर’ आले. मराठीच्या वाट्याला उरला तो केवळ ‘कर’!

क्रियापदांपाठोपाठ व्याकरण जाते. ‘टेबलाखाली’ म्हणणारे मूल ‘टेबल खाली’ म्हणू लागते, ‘घोड्यावर’चे ‘घोडा वर’ होते. ‘बाळ’चा ‘बाल’ होतो, ‘पाणी’चे ‘पानी’ होते. ‘चार’मधला च आणि ‘चारा’मधला च यांतील अंतर कानाला जाणवेनासे होते. नात्यांचीही तीच गत. आत्या, मावशी, काकू, मामी या चार शब्दांत कुटुंबाचा संपूर्ण नकाशा आहे. कोण आईकडची, कोण वडिलांकडची, कोण रक्ताची, कोण लग्नाने आलेली, हे सारे त्या एकेका शब्दात सामावले आहे. त्या चौघींची मिळून एक ‘आंटी’ झाली, की मुलाच्या हातून तो नकाशाच पुसला जातो. ज्या समाजाला कुटुंबव्यवस्थेचा अभिमान आहे, त्याने निदान एवढा तरी विचार करावा, की कुटुंबातल्या नात्यांची नावे पुसून ती व्यवस्था टिकणार तरी कशी?

कानांचे दरवाजे

ही केवळ भावनिक तक्रार आहे, असे म्हणून ती उडवून लावता येणार नाही. कॅनडातील जेनेट वर्कर आणि रिचर्ड टीस या संशोधकांनी १९८४ साली प्रसिद्ध केलेला प्रयोग भारतीयांनी मुद्दाम लक्षात ठेवावा असा आहे. त्यांनी इंग्रजी बोलणाऱ्या घरांतील तान्ह्या बाळांना हिंदीतील ‘त’ आणि ‘ट’ हे ध्वनी ऐकवले. इंग्रजीत हा भेद नाही. तरीही सहा ते आठ महिन्यांच्या बहुतेक बाळांना तो ओळखता आला. दहा ते बारा महिन्यांच्या फारच थोड्या बाळांना तो ओळखता आला. अर्थात, मूल जन्मतः जगातील सर्व भाषांसाठी कान उघडे ठेवून येते आणि जे ध्वनी त्याच्याभोवती बोलले जात नाहीत, त्यांच्यासाठीचे दरवाजे वर्षभरातच मिटू लागतात.

अमेरिकेतील पॅट्रिशिया कूल यांच्या २००३ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने यात आणखी एक भर घातली. नऊ महिन्यांच्या अमेरिकन बाळांना काही आठवडे चिनी भाषा ऐकवण्यात आली. काही बाळांसमोर प्रत्यक्ष माणूस बसून बोलत होता, तर काहींना तेच बोलणे पडद्यावर दाखवले गेले. समोर माणूस असलेली बाळे चिनी ध्वनी शिकली. पडदा पाहणारी काहीच शिकली नाहीत. हातात मोबाइल देऊन, त्यावर इंग्रजी बडबडगीते लावून ‘आमचे बाळ आतापासून इंग्रजी शिकते आहे’ असे सांगणाऱ्या मातापित्यांनी हे वाचावे. दोन वर्षांखालील मुलांना पडदा दाखवूच नये आणि पाच वर्षांपर्यंत तो दिवसाला एका तासाच्या वर जाऊ देऊ नये, असे भारतातील बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेनेही २०२१ साली स्पष्ट केले आहे. भाषा यंत्रातून झिरपत नाही. ती मांडीवर बसून, डोळ्यांत पाहून, माणसाकडून माणसाकडे जाते.

येथे एक भेद मात्र काटेकोरपणे केला पाहिजे. बोलू लागलेले मूल एकाएकी शब्द गमावू लागले, हाक मारल्यावर पाहीनासे झाले, नजर टाळू लागले, तर तो माध्यमाचा प्रश्न नसतो. श्रवणदोष, स्वमग्नता यांसारखी कारणे त्यामागे असू शकतात आणि अशा वेळी विनाविलंब वैद्यकीय तपासणीच करावी. मात्र अशा मुलांच्या पालकांनाही ‘एक भाषा सोडा, ती सोडायची तर घरची सोडा’ असा सल्ला सर्रास दिला जातो. दोन भाषांमुळे मुलाचे बोलणे लांबते किंवा बिघडते, या समजुतीला संशोधनाचा आधार नाही. आधीच संवादासाठी धडपडणाऱ्या मुलाकडून आईची भाषा हिरावून घेणे हा उपचार म्हणायचा, की क्रौर्य?

‘दोन्ही येतातच की!’

यावर एक उत्तर तयार असते. ‘मुले हुशार असतात, त्यांना दोन-तीन भाषा सहज येतात.’ हे खरे आहे. बेळगावात मराठी-कानडी, नागपुरात मराठी-हिंदी बोलत वाढलेल्या पिढ्या त्याच्या साक्षी आहेत. परंतु त्या पिढ्यांनी दुसरी भाषा मिळवताना पहिली सोडली नव्हती. प्रश्न दुसरी भाषा येण्याचा नसून पहिली जाण्याचा आहे.

अमेरिकेतील लिली वाँग फिलमोर यांनी स्थलांतरित आणि मूलनिवासी समाजांतील सुमारे हजार कुटुंबांच्या पाहणीवर आधारलेला अहवाल १९९१ साली प्रसिद्ध केला. इंग्रजी बालवाडीत गेलेली मुले इंग्रजी शिकत होती, पण घरची भाषा गमावत होती, आणि मूल जितके लहान तितकी ही हानी मोठी होती. पुढे आईवडील आणि मुले यांच्यात केवळ कामापुरते बोलणे उरले आणि समजावणे, सांगणे, संस्कार करणे अवघड झाले, हे त्या अहवालातील सर्वांत अस्वस्थ करणारे निरीक्षण आहे.

भाषा किती पूर्णपणे जाऊ शकते, याचा दाखला फ्रान्समध्ये मिळाला. कोरियात जन्मलेली आणि तीन ते आठ वर्षांची असताना फ्रेंच कुटुंबांत दत्तक गेलेली काही मुले मोठी झाल्यावर तपासण्यात आली. २००३ साली प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात त्यांना कोरियन वाक्ये इतर परक्या भाषांतून वेगळी ओळखता आली नाहीत. ज्या वयात मूल पूर्ण वाक्यांत भांडते, हट्ट करते, गोष्टी सांगते, त्या वयातील भाषा अशी नाहीशी झाली! पुढे २०१४ साली कॅनडातील एका अभ्यासाने दाखवले, की तान्हेपणी दत्तक गेलेल्या चिनी मुलींचा मेंदू चिनी स्वरांना अजूनही ओळखीचा प्रतिसाद देतो, जरी त्यांना चिनीचा एक शब्दही समजत नाही. म्हणजे ध्वनीची खूण आत कुठेतरी राहते, बोलणे राहत नाही. ती मुले सात समुद्र ओलांडून गेली होती, त्यांचा इलाज नव्हता. आपल्या घरातले मूल तर आजीच्या शेजारच्याच खोलीत असते!

भाकरीचा प्रश्न

इंग्रजीशिवाय नोकरी नाही, हा दुसरा युक्तिवाद. तो हसण्यावारी नेणे हा अप्रामाणिकपणा ठरेल. रिक्षा चालवणारा बाप पोटाला चिमटा घेऊन मुलाला इंग्रजी शाळेत घालतो, तो मातृभाषेचा द्वेष म्हणून नव्हे. साहेबाच्या खुर्चीवर बसलेल्या माणसाची भाषा त्याने पाहिलेली असते. त्याला मातृभाषेच्या अभिमानाचे प्रवचन देणाऱ्यांची मुले त्याच इंग्रजी शाळांतून शिकलेली असतात, हेही त्याने पाहिलेले असते. त्याला दोष देण्याचा अधिकार कोणालाही नाही.

परंतु त्याची फसवणूक होते आहे, हे सांगण्याचे कर्तव्य मात्र सर्वांचे आहे. इंग्रजी शिकणे आणि इंग्रजीतून शिकणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. गल्लीबोळातल्या नर्सरीत ज्या बाई इंग्रजीतून ‘शिकवतात’, त्यांना स्वतःला सलग चार वाक्ये इंग्रजीत बोलताना धाप लागते. मूल तेथे काय शिकते? ‘मे आय गो टू टॉयलेट’, रंगांची नावे आणि पाठ केलेली चार गाणी. जिम कमिन्स या भाषाशिक्षणतज्ज्ञांनी दाखवून दिले, की नव्या भाषेतील रोजचे बोलणे सुमारे दोन वर्षांत जमते, पण त्या भाषेतून विचार करण्यास, विषय समजून घेण्यास पाच ते सात वर्षे लागतात आणि त्यासाठी पहिली भाषा भक्कम असणे मोठा आधार ठरते. मराठीचा पाया उखडून त्यावर इंग्रजीचा मजला चढवू पाहणाऱ्या घरात ना पाया राहतो, ना मजला. पाचवीतले मूल गणित सोडवू शकत नाही, कारण त्याला गणिताची भाषाच कळत नाही, आणि ते कळत नाही हे सांगायलाही त्याच्याकडे भाषा नसते. नोकरीसाठी केलेल्या या सौद्यात गेली ती मराठी, आणि आली नाही ती इंग्रजी!

अंगणातून उठलेली शाळा

याच महाराष्ट्रात या प्रश्नाचे उत्तर फार पूर्वी शोधले गेले होते. ताराबाई मोडक आणि गिजुभाई बधेका यांनी १९२६ साली नूतन बालशिक्षण संघ स्थापन केला. मुंबईतील सुखवस्तू वस्ती सोडून ताराबाई १९४५ साली ठाणे जिल्ह्यातील बोर्डीला गेल्या आणि पुढे अनुताई वाघांसह कोसबाडच्या टेकडीवर वारली मुलांमध्ये रमल्या. मुले शाळेत येत नाहीत, म्हणून ताराबाईंनी शाळाच मुलांच्या अंगणात नेली. पाने, दगड, शंख-शिंपले हेच तेथील साहित्य होते. ‘अंगणवाडी’ हा शब्द तेथून निघाला आणि १९७५ साली एकात्मिक बालविकास योजनेबरोबर देशभर गेला. अंगणवाडी म्हणजे मुलाला परक्या जगात ओढून न नेता त्याच्याच जगातून पुढे नेणे. ते तत्त्व आज नर्सरीच्या रंगीत भिंतींआड गाडले गेले आहे.

हे तत्त्व मराठीच्या अभिमान्यांनाही आरसा दाखवते. मेळघाटातील कोरकू मूल, गडचिरोलीतील गोंड मूल, सातपुड्यातील भिल्ल मूल पहिल्या दिवशी शाळेत येते, तेव्हा त्याच्यासाठी प्रमाण मराठीही परकीच असते. इंग्रजीने मराठी मुलावर केला तो अन्याय मराठीने वनवासी मुलावर केला, तर तो संस्कार ठरत नाही. मातृभाषेचे तत्त्व खरे असेल, तर ते सर्व बालकांसाठी खरे असले पाहिजे. कोरकूतून मराठीकडे आणि मराठीतून इंग्रजीकडे जाण्याचे पूल बांधता येतात. मात्र पलीकडे जाण्यासाठी अलीकडचा काठ शाबूत असावा लागतो.

कायद्याची मर्यादा, घराची जबाबदारी

कायदा या बाबतीत बोलतो, पण पुटपुटत. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्यातील कलम २९ सांगते, की शिक्षणाचे माध्यम ‘व्यवहार्य असेल तेथवर’ मातृभाषा असावे. तो कायदाही सहा वर्षांवरील मुलांचा. तीन ते सहा हे भाषेचे सर्वांत नाजूक वय त्याच्या कक्षेबाहेरच राहिले. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने किमान पाचवीपर्यंत घरची भाषा हे माध्यम असावे असे म्हटले, तेही ‘शक्य असेल तेथे’. महाराष्ट्राने २०२० साली सर्व शाळांत मराठी विषय सक्तीचा करणारा कायदा केला, तो स्वागतार्हच आहे, परंतु विषय म्हणजे माध्यम नव्हे. आणि ६ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने कर्नाटकाच्या प्रकरणात निर्णय दिला, की प्राथमिक शिक्षणाचे माध्यम निवडण्याचा अधिकार पालकांचा आहे, राज्य मातृभाषेची सक्ती करू शकत नाही.

निवड पालकांची असेल, तर उत्तरदायित्वही पालकांचेच. २०२५ च्या एप्रिल ते जून या काळात पहिलीपासून तिसरी भाषा म्हणून हिंदी शिकवण्याच्या शासन निर्णयांवरून महाराष्ट्र ढवळून निघाला आणि २९ जून रोजी ते निर्णय मागे घेतले गेले. त्या वादात दोन्ही बाजूंनी हिरिरीने मते मांडली गेली. परंतु पहिलीत पाऊल टाकण्यापूर्वीच, नर्सरी आणि केजीच्या तीन वर्षांत, मराठी मुलाच्या मराठीचा निकाल लागलेला असतो. त्याविषयी ना मोर्चा निघाला, ना परिपत्रक. कारण त्यासाठी मंत्रालयावर नव्हे, स्वतःच्या घरावर मोर्चा न्यावा लागला असता!

स्वदेशीचा, स्वभाषेचा, संस्कृतीचा आग्रह धरणाऱ्या घरांनी तर स्वतःलाच आधी प्रश्न विचारावा. मुलाला मनाचे श्लोक रोमन लिपीत लिहून देऊन पाठ करायला लावणे, रामरक्षेचा अर्थ इंग्रजीत समजावणे, शिवचरित्र ‘कॉमिक’मधून वाचायला देणे आणि वर ‘आम्ही संस्कार जपतो’ म्हणणे, ही कोणाची फसवणूक आहे? संस्कार ही वस्तू नाही की ती कोणत्याही पिशवीत भरून द्यावी. २ फेब्रुवारी १८३५ च्या टिपणासाठी मेकॉलेच्या नावाने बोटे मोडणे सोपे आहे. मेकॉलेला निदान परकी सत्ता राबवायची होती. येथे कोणाची सत्ता आहे?

आजी हीच शाळा

इस्रायलचे उदाहरण भाषाप्रेमी नेहमी देतात. हिब्रू भाषा पुन्हा जिवंत झाली ती भाषणांतून नव्हे. एलिएझर बेन येहुदा यांनी १८८२ साली जन्मलेल्या आपल्या मुलाला घरात केवळ हिब्रू ऐकवली, आणि १८९८ मध्ये रिशोन लेझियन येथे पहिली हिब्रू बालवाडी निघाली. न्यूझीलंडमधील माओरी समाजाची भाषा अशीच मरणपंथाला लागली होती. मुलांना ती बोलता येईनाशी झाली होती. १९८२ साली त्यांनी ‘कोहांगा रेओ’, म्हणजे ‘भाषेचे घरटे’, सुरू केले. भाषा येणारे आजी-आजोबा सहा वर्षांखालील मुलांना घेऊन बसले आणि दिवसभर केवळ माओरीत बोलू लागले. थोड्याच वर्षांत अशी शेकडो घरटी उभी राहिली आणि १९८७ साली माओरीला राजभाषेचा मान मिळाला. आधी घरटे, मग दर्जा. महाराष्ट्रात दर्जा आला आहे, घरटे मोडते आहे.

मराठी घराला यासाठी निधी नको, अनुदान नको, नवी संस्थाही नको. आजी-आजोबा आहेत. त्यांना मुलाशी मराठीतच बोलू द्यावे, त्यांच्या बोलण्यावर ‘त्याला कन्फ्यूज करू नका’ म्हणून पहारा बसवू नये. आईवडिलांनी क्रियापदे मराठीत परत आणावीत, आंघोळ घालताना, भाजी निवडताना, भात कालवताना. निजताना एक गोष्ट सांगावी, पडद्यावर लावू नये, तोंडाने सांगावी. शाळा कोणत्याही माध्यमाची असो, उंबरठ्याच्या आत मराठी असावी. ज्यांना शक्य आहे त्यांनी आपल्या मुलांना मराठी बालवाडीत घालावे, आणि ती चांगली नसेल तर ती चांगली करण्यासाठी पदर खोचावा. इंग्रजी अवश्य शिकवावी, उत्तम शिकवावी, पण आईच्या भाषेच्या प्रेतावर उभे राहून नव्हे.

पुढच्या मराठी भाषा गौरव दिनाला, २७ फेब्रुवारीला, व्यासपीठे सजतील, कुसुमाग्रजांच्या प्रतिमेला हार पडतील. त्या सायंकाळी घरी परतल्यावर प्रत्येकाने एकच परीक्षा घ्यावी. आपल्या चार वर्षांच्या मुलाला आजीशेजारी बसवावे आणि दहा मिनिटे दोघांनाच बोलू द्यावे. मध्ये कोणी दुभाष्या लागला नाही, तर मराठी अभिजात आहे. लागला, तर त्या घरापुरती ती पुराणवस्तूंच्या यादीत जाऊन बसली आहे, मग मंत्रिमंडळाने तिला कोणताही दर्जा दिलेला असो.